वेणीमाधवरावांनी पाइपाला नेसवलेलं लुगडं

आमच्या शेजारच्या वेणीमाधवरावांनी घरात नळ घेतला आणि सबंध गल्लीला बोलावून तोटी फिरवून दाखवली. कचेरीतला माणूस, साहेबापुढं न काढलेली टोपी तोटीपुढं काढायचा.

टाकी माळ्यावर, वर पत्रे. टाकीतनं निघालेला पाइप पत्र्याखालून न्हाणीत उतरलेला. वैशाखात दुपारी त्या पाण्यात नुसती पूड टाकली तर चहा व्हावा. अशातच बाळीवेशीतले चिंतामणीपंत मुलासाठी वेणीमाधवरावांच्या प्रेमलाला बघायला सहकुटुंब आले. प्रेमलाच्या आईनं, दुर्गाबाईंनी, पाय धुवायला कळशी भरून ठेवली होती. वेणीमाधवरावांनी ती सरकवून पाहुण्यांना तोटीपुढं उभं केलं. पंतांनी पाय पुढं केला आणि तुळशीपर्यंत उडी मारली.

"मुलगी शुक्रवारी बघू," ते म्हणाले, "पाय बरे झाले की."

एवढं चांगलं स्थळ एका पायावर लंगडत निघून गेलं. वेणीमाधवराव तडक माळ्यावर. पाइपाला कडबा, त्यावर गोणपाट, वर दुर्गाबाईंचं जुनं लुगडं. मी खालून विचारलं, "पाण्याला थंडी वाजते का हो?"

मिशीत कडबा अडकलेलं तोंड खाली डोकावलं. "वहिनी, शुक्रवारी बघा."

दुसऱ्या दुपारी पाणी होतं तसंच कढत. दुर्गाबाई म्हणाल्या, "अहो, पाय झाकलेत, डोकं उघडंच. टाकीलाही गुंडाळा की. आणि माठासारखं ओलं ठेवा."

ठेवलं. शुक्रवारी तर वेणीमाधवरावांनी बादल्याच ओतल्या.

पंतांनी आधी एक अंगठा भिजवून पाहिला, मग दोन्ही पाय सोडले. पाणी गार. सगळे सोप्यात बसले, आणि पंतांच्या पागोट्यावर टपकन थेंब पडला. मग दुसरा. वेणीमाधवरावांचा चेहरा धुतल्या धोतरासारखा.

"हे काय?" पंतांनी वर पाहिलं.

पोह्यांची बशी धरून प्रेमला म्हणाली, "बाबांनी माळा भिजवलाय. तुमचे पाय पुन्हा पोळू नयेत म्हणून."

पंत हसू दाबत होते, तोवर त्यांच्या कुटुंबानं त्यांना कोपरानं ढोसलं. "सरका की तिकडं. लई उकडतंय, मला बसू द्या थेंबाखाली." त्या बसल्या त्या सुपारी फुटेपर्यंत उठल्या नाहीत.

आता पंतांनीही नळ घेतलाय. आज वेणीमाधवराव व्याह्यांच्या माळ्यावर चढायला गेलेत, काखेत गाठोडं मारून. दुर्गाबाई सकाळपासून आपलं इरकली लुगडं शोधताहेत. मी सांगायला निघालेच आहे.