लेटरहेडशिवायचं पत्र

बेबीताईंच्या नेट कॅफेत भला थोरला सतरा इंची पडदा, आणि त्यावर उघडणारी वेबसाइट मात्र फूटपट्टीएवढी अरुंद. दोन्ही बाजूंना नुसतं पांढरं रान. देवळीच्या बसस्टँडसमोरच्या त्या कॅफेत पहिल्यांदा शिरलेल्या माणसाला वाटायचं, कॉम्प्युटर बिघडला. ताई खुर्चीवर मांडी घालून सांगायच्या, "बिघडला नाई. मोबाइलचं पान हाय. लवकर येते."

दोन हजार आठ-नऊ साल असेल. टेलिफोनच्या तारेवरचं आमचं इंटरनेट असं, की साइट उघडायला लावून लोक समोर चहा पिऊन यायचे. एकदा ताईंच्या दिराने नागपूरहून नवा मोबाइल आणला आणि क्रिकेटचा स्कोअर त्यावर ताईंच्या कॉम्प्युटरच्या आधी दिसला. हे त्यांना फारच लागलं. त्यांनी मोबाइल हिसकावला, वरचा पत्ता वहीत उतरवला. नेहमीच्या पत्त्याच्या सुरुवातीला फक्त एक 'एम' आणि एक टिंब जास्त होतं. तेवढं कॉम्प्युटरवर टाइप केलं, तर पान टपकन हजर. ताई इतक्या हसल्या, की दीर घाबरला.

मग महिनाभर त्या दिसेल त्या साइटला 'एम' लावून पाहत होत्या. ज्या उघडल्या त्यांची नावं कॅलेंडरच्या मागे लिहिली. "साइट मोठ्या पडद्यावर शालू नेसून येते," त्या म्हणायच्या, "आपल्याले तिच्याशी काम हाय, तिचं लग्न नाई." पेपर वाचायला येणारे एक निवृत्त गुरुजी अर्धा पडदा रिकामा म्हणून कुरकुरले, तेव्हा ताईंनी अदबीने विचारलं, "गुर्जी, बातमी वाचाची हाय का पडदा?"

मी तेव्हा ग्रंथालयशास्त्र शिकून घरी बसले होते. एका सकाळी पुण्याच्या एका कॉलेजातून फोन आला: निवड झाली आहे, पत्र मेलने पाठवलंय, बारापर्यंत लेखी होकार कळवा. बाबांचं देवळीत कापडाचं दुकान. फोनवरच्या बोलण्यावर पोरीला पुण्याला धाडायला ते तयार नव्हते. लेखी असेल तर पाहू, म्हणाले आणि दुकान उघडं टाकून माझ्याबरोबर कॅफेत आले.

नेमकं त्याच दिवशी रस्ता खोदताना तारेला धक्का लागलेला. मेल उघडताना सरकणारी निळी रेघ अर्ध्यात येऊन थांबली ती थांबलीच. साडेअकरा झाले. ताईंनी मला बाजूला सरकवलं, 'एम' मारला, टिंब दिलं. थोड्या वेळाने त्या अरुंद पट्टीत माझं नाव दिसलं.

बाबा वाकून बघत राहिले. ना शिक्का, ना चिन्ह, नुसत्या पंधरा-वीस ओळी. "नोकरीचं पत्र एवढुसं राह्यते का?" ते म्हणाले. "लेटरहेड कुठं हाय?"

ताई म्हणाल्या, "काका, पत्र खरं हाय. लेटरहेड आपल्या वायरीत मावत नाई."

बाबा असे हसायला लागले, की त्यांना चष्मा काढावा लागला. डोळे पुसत माझ्याकडे वळून म्हणाले, "लिही, येते म्हणून."

उत्तराची चौकट काडेपेटीएवढी होती. दोन वाक्यांत होकार लिहिला. बाराला पाच मिनिटं असताना 'पाठवला' असं उमटलं, आणि ताईंनी माझे दोन्ही हात धरले. दोन कॉम्प्युटरांच्या मधल्या वीतभर जागेत आम्ही फुगडी घातली. एक कीबोर्ड खाली गेला, माउस वायरीला लोंबकळला, आणि शेजारी पेपर वाचत बसलेले गुरुजी वाचन सोडून दोन्ही हातांनी पडदा सांभाळत उभे राहिले. बाबा दारात उभे राहून येणाऱ्याजाणाऱ्याला आत बोलावत होते.

पुढे घरोघरी मोबाइल आले आणि कॅफे बंद झाला. पण त्याआधी, मी पुण्याला रुजू झाले त्या पहिल्याच आठवड्यात, मला एक मेल आली होती. बाबांनी जन्मात कधी कीबोर्डला बोट लावलं नव्हतं. इंग्रजी अक्षरांत एवढंच होतं: 'जेवली का'.

त्याखाली ताईंची ओळ होती: "काकांनी एकट्यानं टाइप केलं. पाऊण तास लागला. मी हात लावला नाई."