रघुच्या सीडीतल्या मोकळ्या जागा

रघुला जाऊन आज वर्ष झालं, आणि मला अजून त्याचा रागच येतो.

ज्यांना रघु माहीत नाही त्यांच्यासाठी: तंजावरकडचा मराठी. वेलचेरीत आमच्या वरच्या मजल्यावर आईबरोबर राहायचा. दिवसा बँक, उरलेला वेळ गाणी. स्वतः लिहायचा, स्वतः गायचा. कुठल्या म्युझिक कंपनीच्या दारात कधी उभा राहिला नाही.

मी सांगलीचा. माझ्या मराठीला तो "पेपरातलं मराठी" म्हणायचा.

पहिला अल्बम मात्र त्यानं त्याच पेपरातल्या मराठीत केला. पुण्याहून कौतुकाच्या मेल आल्या. अम्मांनी, म्हणजे त्याच्या आईनं, सगळा ऐकला आणि विचारलं,

"चांगलं अहे रे. कोणाचं?"

दुसरा अल्बम तिथेच सुरू झाला.

या वेळी घरातली भाषा, आणि घरातल्या बायकांची गायची पद्धत. लग्नात, बारशाला एकीनं ओळ म्हणायची, दुसरीनं ती उचलायची. अम्मा उचलणाऱ्यांत पहिल्या असायच्या.

अप्पा, म्हणजे त्याचे वडील, गेले आणि अम्मांनी गाणं सोडलं. शुभकार्यात माझा आवाज नको, म्हणाल्या. मग हळूहळू घरातही नको झाला.

रघुला ते सहन व्हायचं नाही. "अप्पा गेले. तिचा गळा नाही गेला डा," म्हणायचा.

आईला स्टुडिओत चल म्हणून त्यानं किती विनवलं. अम्मांचं एकच, "मी मिशिनापुढे गात नाही."

"बरं," म्हणाला, आणि अड्यारच्या त्या कोंदट स्टुडिओत, एसी बंद करून, घामानं भिजत त्यानं प्रत्येक गाण्यात एकेक ओळ गायली आणि ती उचलायला पुढची जागा मोकळी सोडली.

त्या जागेत फक्त बारीक टाळ. बाकी काही नाही.

रेकॉर्डिस्ट सेल्वम डोकं धरून बसला. "सार, कोरस कुठे?"

"घरी आहे," रघु म्हणाला.

मॅन्डोलिनवर मी होतो. मी पट्टीवरून भांडलो. एवढ्या वरच्या पट्टीत त्याचा गळा ताणला जात होता, हे कुणीही सांगितलं असतं. ऐकेल तर शपथ.

सीडी आली. टी. नगरच्या एका दुकानदारानं चार दिवसांत सगळा गठ्ठा परत केला. "सार, पीस डिफेक्ट आहे. मधेच आवाज जातो."

आम्ही पायऱ्यांवर बसून पोट धरून हसलो. तो जरा कमी हसला.

कारण रोज संध्याकाळी तो घरात ती सीडी लावायचा, आणि अम्मा "चांगलं अहे" म्हणून स्वयंपाकघरात जायच्या. जागा तशाच मोकळ्या राहायच्या.

"गाईल. घाई काय आहे?" म्हणायचा.

मग एका सकाळी छातीत दुखतंय म्हणून शेअर ऑटोत बसून हॉस्पिटलला गेला. स्वतः चालत आत गेला.

घाई काय आहे म्हणे.

तेरावा झाल्यावर मी वर गेलो. अम्मा सीडी प्लेअरजवळ बसल्या होत्या.

"मला लावता येत नाही. लाव."

"अम्मा, आत्ता? नंतर लावू या का?"

"लाव रे."

लावली. *चंद्र आला दारीं, वाटी दे दुधाची.* रघुचा आवाज. मग ती जागा. टाळ वाजत राहिला.

दुसरी ओळ. जागा मोकळीच गेली.

तिसऱ्या जागेला अम्मांनी ओळ उचलली.

आवाज फाटलेला, थरथरणारा. पण सूर जिथे लागायला हवा तिथेच लागला. आणि मला कळलं, ती पट्टी रघुची कधी नव्हतीच. ती अम्मांची होती. अख्खा अल्बम त्यानं आईच्या गळ्याला बेतून गायला होता.

एक ओळ लेकाची, एक आईची. मी भिंतीला टेकून रडत होतो. अम्मा रडत नव्हत्या, त्यांना पुढची ओळ उचलायची होती.

गाणी संपली तेव्हा त्यांनी विचारलं, "झालं काय?"

"झालं, अम्मा."

"परत लाव."

बटण कुठलं ते मी त्यांना दाखवून दिलं. वर्षभर रोज संध्याकाळी वरून दोघांचा आवाज येतो. आजही आत्ता येतोय.

हे तू ऐकायला हवं होतंस, गाढवा. राग त्याचाच आहे.

रघु, तुझ्या सीडीत डिफेक्ट नाही. कोरस घरीच होता.

श्रद्धांजली लिहायला हात धजत नाही, तरी लिहितो. जा म्हणवत नाही. ये आता, मित्रा.