दाजींचं बँकेचं घर

स्वतःच्या घरात पाहुण्यासारखा राहिलेला माणूस अख्ख्या मराठवाड्यात शोधून एकच सापडेल, आणि तो नेमका माझ्या बहिणीच्या नशिबी आला. मी आमच्या दाजींबद्दल बोलतोय. थोरल्या बहिणीचा नवरा म्हणजे दाजी, आणि मी त्यांचा एकुलता एक मेहुणा. म्हणजे त्यांची थट्टा करण्याचा आणि त्यांच्यावर चिडण्याचा माझा हक्क जन्मसिद्धच. मी गंगापूरला शाळेवर, ते संभाजीनगरात. महिन्यातून एका रविवारी मी एसटीनं त्यांच्याकडं जायचो, दिवसभर त्यांच्याशी भांडायचो आणि संध्याकाळच्या गाडीनं परत यायचो. माझी बायको म्हणायची, कशाला जाता मग? काय सांगणार तिला.

दाजी वाळूजच्या एका कारखान्यात स्टोअर सांभाळायचे. एक नटबोल्ट कमी पडला तर दोन दिवस जेवण गोड लागत नसे असा माणूस. बाजारात त्यांच्याबरोबर जाणं म्हणजे शिक्षा. शहागंजला कोथिंबिरीची जुडी घ्यायची तर आधी चार गाड्या फिरून यायचं, मग पहिल्या गाडीवर परत येऊन तिची माती झटकायला लावायची, आणि वर दोन मिरच्या मागायच्या. ताईला कुकर घ्यायचा होता तेव्हा दुकानदाराला त्यांनी रबर किती दिवस टिकतं, नवीन कुठं मिळतं, शिट्टी बिघडली तर काय, कान तुटला तर काय, असं इतकं विचारलं की त्यानं शेवटी खुर्ची दिली आणि चहा मागवला. कुकर घेतला नाहीच. चहा पिऊन आले.

आणि ह्या माणसानं घर घेताना एकच प्रश्न विचारला. शहरालगतच्या सातारा परिसरात रो-हाउस होत होती, त्यातलं एक ताईला आवडलं. दाजी बँकेत गेले आणि म्हणाले, "हप्ता किती बसंल?" साहेबानं आकडा सांगितला. भाड्यापेक्षा थोडासाच जास्त होता. पंधरा वर्षं भरायचा. झालं, दाजी खूश. व्याज कायमचं एवढंच राहील का, सगळे मिळून किती जातील, काही म्हणता काही विचारलं नाही. सह्या करून करून मनगट दुखलं, हे मात्र ते कौतुकानं सांगायचे. कोथिंबिरीची माती झटकणारा माणूस! मला अजून नवल वाटतं. पण भाड्याच्या खोलीत दहा वर्षं काढलेल्या माणसाला हप्ता म्हणजे भाडंच वाटतं. महिन्याचं निभतंय ना, मग पुढचं कोण बघतो.

घरात राहायला गेले आणि दाजींच्या डोक्यात एक गोष्ट जी बसली ती बसली. घर आपलं नाही, बँकेचं आहे. फिटेपर्यंत आपण इथं नीटनेटकं राहायचं, बस. भिंतीला खिळा मारायचा नाही, कारण भिंत बँकेची. कॅलेंडर खुर्चीवर उभं, देव स्टुलावर, आणि ताई-दाजींचा लग्नातला फोटो जमिनीवर भिंतीला टेकवलेला, त्यामुळं येणारा-जाणारा त्याला पाय लागेल म्हणून उड्या मारत चालायचा. आमचे एक काका डोक्याला चपचपीत तेल लावून आले आणि भिंतीला टेकून बसले. दाजींनी त्यांना हात धरून उठवलं, मधोमध सतरंजीवर बसवलं आणि शांतपणे सांगितलं, "टेकू नका, बँकेची भिंत हाय." काका पुन्हा त्या घरी गेले नाहीत. भाचा घरात चेंडू टाकायचा तेव्हा दाजी त्याला रागवत नसत. नुसतं म्हणायचे, बँकेला काय सांगशील? पोरगं बिचारं बँक म्हणजे कुणीतरी मिशीवाला माणूस आहे असं समजून बरीच वर्षं भीत होतं.

पण दाजी हिशेबी. त्यांनी घराचे मनातल्या मनात भाग पाडले होते. जेवढी वर्षं हप्ते भरले तेवढं घर आपलं. दीड वर्ष झालं तेव्हा न्हाणीघर आपलं झालं. त्या दिवशी त्यांनी दार लावून अर्धा तास आंघोळ केली आणि गाणं म्हटलं. आमच्या शहरात नळाला पाणी आठवड्यानं येतं, तिथं अर्धा तास आंघोळ म्हणजे केवढी चैन! पाच वर्षं झाली, तिसरा हिस्सा फिटला, स्वयंपाकघर आपलं. मग गुलमंडीवरून खिळ्यांचा पुडा आला आणि दाजींनी सगळं घर त्या एका खोलीत टांगलं. देव, कॅलेंडर, घड्याळ, आरसा, लग्नाचा फोटो, भाच्याची शाळेतली प्रशस्तिपत्रं. पुढच्या खोलीत बसलेल्या माणसाला वेळ बघायची तर ताईला ओरडून विचारावं लागायचं, आणि दाढी करायची तर फोडणीच्या धुरात करावी लागायची. पण दाजी आपल्या मालकीच्या खोलीत दाढी करत होते, त्यांना त्याचं काय. बाकीच्या खोल्या त्यांनी शेवटच्या हप्त्यावर ठेवल्या होत्या.

मधे एकदा व्याजाचे दर वाढले. त्यांच्याबरोबर काम करणाऱ्या एकाचा हप्ता भसकन वर गेला, तो बिचारा ओव्हरटाइम शोधत हिंडू लागला. दाजींचा हप्ता जिथल्या तिथं. मी गेलो की ते मला मोबाइलवरचा मेसेज दाखवायचे. "बघा मास्तर, रुपयानं हलला नाय. बँक माणूस वळखती." पुन्हा दर वाढले, पुन्हा हप्ता तेवढाच. त्या खुशीत त्यांनी एकदा मला आग्रह करकरून इम्रती खायला घातली. एरवी साधा चहा पाजताना साखर विचारून घालणारा माणूस.

हे सगळं मी हसून सोडून दिलं असतं. पण ताईची वास्तुशांत राहिली होती.

त्या ओळीतल्या सगळ्या घरांच्या वास्तुशांती पहिल्या वर्षातच उरकल्या. ताई प्रत्येकीकडं गेली, ओटी घेऊन आली, जेवून आली. बाया तिला विचारायच्या, तुमची कधी? तिला काय सांगावं ते कळायचं नाही. दाजींचं म्हणणं पक्कं होतं. दुसऱ्याच्या जागेत आपण वास्तुपुरुष पुरायचा कसा? उद्या बँकेनं जागा परत घेतली तर काय त्याला उकरून न्यायचा? राहायला आल्या दिवशी दूध उतू घालायची तेवढी त्यांनी परवानगी दिली, कारण गॅस आपला होता. बाकी सगळं कर्ज फिटल्यावर. फिटलं की मग मात्र अशी वास्तुशांत करतो म्हणायचे की पैठणपासून वैजापूरपर्यंतचे पाहुणे बोलवीन. आणि बोलवायचेही. अहो, लग्नात भेटलेल्या माणसाला हा गृहस्थ नऊ-दहा वर्षांनंतरच्या जेवणाचं आमंत्रण द्यायचा, आणि यायलाच लागतंय म्हणून दम भरायचा!

ताईला त्या पूजेचं फार होतं. आमची ताई तशी कशाला हट्ट न करणारी. साडी नको, दागिना नको. पण नवऱ्याच्या शेजारी पाटावर बसावं, उपरण्याला पदराची गाठ बांधावी, आणि चार माणसांनी हे हिचं घर म्हणावं, एवढं तिला पाहिजे होतं. पोराला ताप आला, दूध नासलं, की ती म्हणायची, वास्तू अशांत आहे. मला म्हणायची, तू सांग ना तुझ्या दाजींना. मी सांगायचो, भांडायचो, आवाज चढवायचो. दाजी ऐकून घ्यायचे आणि म्हणायचे, मास्तर, आता थोडंच राहिलं.

पंधरावं वर्ष संपत आलं तसे दाजी बदलले. गुरुजींकडून मुहूर्त काढला, आचारी ठरवला, त्याच्याशी पुरीच्या आकारावरून दोन बैठका झाल्या. ताईनं पाट रंगवून घेतले. मग एका सोमवारी मला शाळेत रजा टाकायला लावून दाजी मला घेऊन बँकेत गेले, हातात पेढ्यांचा पुडा. शेवटचा हप्ता कुठल्या तारखेला जाईल आणि घराचे कागद कधी मिळतील, एवढंच विचारायचं होतं. समोर एक तरुण मुलगी होती, बोलायला फार गोड. तिनं नंबर घातला, पडद्याकडं पाहिलं आणि म्हणाली, "काका, तुमची अजून सात वर्षं आहेत."

दाजी हसले. म्हणाले, नंबर चुकला, नीट बघा. तिनं नीट बघितलं. मग तिनं सावकाश समजावून सांगितलं. व्याज वाढलं की एक तर हप्ता वाढतो, नाही तर वर्षं वाढतात. तुमचा हप्ता तसाच ठेवला, म्हणून वर्षं वाढली. बँकेनं तसं कळवलेलंही आहे. दाजींनी कळवलेल्यातला हप्त्याचा आकडा तेवढा वाचला होता. आणि सुरुवातीच्या वर्षांत तर हप्त्यातला मोठा भाग व्याजातच जातो, ती म्हणाली, मुद्दल अगदी थोडी फिटते. दाजींनी पेढ्यांचा पुडा टेबलावर ठेवला. मग त्यांनी विचारलं, "मग स्वयंपाकघर?"

तिला काही कळेना. मीच तिला खोल्यांचा हिशेब सांगितला. आधी ती हसली. मग दाजींच्या तोंडाकडं बघून तिनं हसू आवरलं आणि खरंच हिशेब करून बघितला. पहिल्या पाच वर्षांत, ती हळूच म्हणाली, फार तर बाहेरची पायरी आणि तुळशीचा ओटा झाला असेल काका. व्याज म्हणून आतापर्यंत किती गेलं तेही दाजींनी विचारलं. तिनं आकडा सांगितला. तो मी इथं सांगत नाही, पण तेवढ्यात शेजारचंही घर आलं असतं. पेढे तिथंच ठेवून आम्ही निघालो.

घरी आल्यावर दाजींनी काय करावं? पक्कड घेतली आणि स्वयंपाकघरातले खिळे उपटायला सुरुवात केली. घड्याळ काढलं, कॅलेंडर काढलं, फोटो काढला. आपलं नसताना मारले, म्हणाले. ताई पीठ मळत होती. तिनं सगळं ऐकून घेतलं. मग कणकेच्या हातानंच त्यांच्या हातातली पक्कड काढून घेतली आणि म्हणाली, "अहो, पंधरा वर्षं मी हितं भाकरी थापल्या. बँकेचं असंल तर असू द्या. मुहूर्त हाय, आचारी हाय. पूजा करून टाकू." इतकं स्पष्ट ती आयुष्यात पहिल्यांदा बोलली असेल. मीही गळ घातली. ते काही हलले नाहीत. तीन वर्षांनी रिटायर होतो, फंडाचे पैसे येतील, एकरकमी फेडतो आणि मग बसू, म्हणाले. सात वर्षं नाही, तीनच. तीन वर्षं काय, अशी जातील.

त्यानंतर दाजींना भलतीच सवय लागली. कशाचीही किंमत ते शेवटपर्यंतची विचारायचे. दूधवाल्याला म्हणायचे, मी पंच्याहत्तर वर्षं जगलो तर तुला एकूण किती द्यावे लागतील? केबलवाला तर बिल न घेताच पळून जायचा. मला त्यांनी गंगापूर ते संभाजीनगर एसटीवर मी आजवर किती घालवले ते काढून दाखवलं. एवढ्यात मास्तर, तुम्ही हितंच एक खोली घेतली असती, म्हणाले. आणि मग खोली घेऊ नका, असंही म्हणाले.

ताई दुसऱ्या वर्षी गेली. साध्या तापाचं निमित्त झालं, चार दिवस घाटीच्या सरकारी दवाखान्यात होती. मला तिथं खाटेवर म्हणाली, तुझ्या दाजींना वेळेवर जेवायला सांगत जा. घराचं, पूजेचं काही बोलली नाही. बोलली असती तर बरं झालं असतं, असं मला अजून वाटतं.

दाजी ठरल्याप्रमाणं रिटायर झाले, ठरल्याप्रमाणं फंडातून कर्ज फेडलं. कागद हातात आले. पाहुणे बोलावले, आचारी आला. गुरुजी पूजेची तयारी मांडून म्हणाले, यजमान सपत्नीक पाहिजेत, मुलाला आणि सूनबाईला बसवा. त्यांचं काही चुकलं नाही, रीतच तशी आहे. पण माझे दाजी नवं धोतर नेसून तयार होऊन आले होते. ते म्हणाले, "व्हय, व्हय, बरोबर हाय," आणि भाच्याच्या खांद्यावर स्वतःचं उपरणं घालून बाहेर आले. भाचा आणि सूनबाई पाटावर बसली. त्या पोरांना पुण्यात राहायचं. त्यांनी त्या घरात चार रात्रीसुद्धा सलग काढल्या नसतील.

वास्तुशांतीला बाईच्या माहेरचा आहेर लागतो. तो सूनबाईच्या माहेराहून आला. मला काही कामच नव्हतं. मी बाहेर पायरीवर जाऊन बसलो, तर दाजी आधीच तिथं बसलेले. आत मंत्र चालू होते. मग ते माझ्याकडं न बघता म्हणाले, "त्या बँकेतल्या पोरीनं व्याज सांगितलं व्हतं, मास्तर. मला वाटलं, तेवढंच गेलं."

मी इतकी वर्षं त्या माणसावर चिडत आलो. चिडायचं म्हणून गंगापूरहून तिकीट काढून यायचो. त्या दिवशी त्यांच्या शेजारी बसून मी पुष्कळ प्रयत्न केला, पण राग येईना. आणि रागावल्याशिवाय दाजींशी काय बोलायचं असतं, ते मला कधी जमलंच नव्हतं. म्हणून मी नुसता बसून राहिलो, आतलं आटपून आम्हाला जेवायला हाक येईपर्यंत.