मुठीतली किल्ली

आज मी लिहिलेल्या विनोदी मालिकेच्या शूटिंगला स्टुडिओत बसलेल्या प्रेक्षकांच्या मागे उभी होते. मुठीतली घराची किल्ली टोचली आणि हॅरल्ड आठवले.

इंग्लंडमध्ये आयुष्यभर विनोदी मालिका लिहून ते लॉस एंजेलिसला आले होते. मी त्यांची असिस्टंट. शूटिंगला ते असेच मागे, अंगातला कोट न काढता, किल्ली आवळून उभे राहायचे.

“हसले नाहीत तर मी सरळ घरी जाणार,” एकदा ते पुटपुटले. कपाळावर घाम होता. प्रेक्षक खदखदून हसले, तरी त्यांची मूठ सुटेना. एवढं नाव झालेल्या माणसाला कसली भीती, असं मला तेव्हा वाटलं.

“आई, दे आर लाफिंग. रिलॅक्स,” शेजारून लेक म्हणाली.

हसू मलाही ऐकू येत होतं. पण पुढचा विनोद अजून यायचा होता.