मोजले तर सहाच

माझा दीर एंगकोस माणसं मोजायचा. लग्नाच्या मांडवात गेला तरी पंगतीतली डोकी मोजल्याशिवाय घास घ्यायचा नाही. घरी कोंबड्या मोजायचा, मशिदीबाहेरच्या चपला मोजायचा, मी चहा ओतायला बसले की पेले मोजायचा. "अरे, तुझं काय जातंय?" म्हटलं की म्हणायचा, "तेह, सवय आहे." तेह म्हणून थोरल्या बहिणीचा मान देतो, पण ऐकतो कुणाचं? हल्ली आकडे सोडलेत त्याने. आता डोंगरावर प्रत्येकाचा हात हातात घेतो आणि नाव विचारतो. लोकांना वाटतं, केवढा प्रेमळ वाटाड्या! प्रेम कसलं डोंबलाचं, भीती आहे ती. कारण एकदा आकडा अगदी बरोबर जुळला आणि तरीही एक म्हातारा मागे विवराच्या तोंडाशी राहून गेला. कसा, ते सांगते. सांगताना माझाच गोंधळ उडतो, तेव्हा मध्ये बोलू नका.

पापांदायान ज्वालामुखीच्या पायथ्याशी आमचं गाव. एंगकोस आधी कोबी लावायचा. मग शहरातली माणसं डोंगर बघायला यायला लागली आणि हा त्यांना वर न्यायला लागला. सकाळी निघायचं, गंधकाचा धूर दाखवायचा, जळक्या झाडांच्या रानातून वरच्या माळावर न्यायचं, तिथे जेवू घालायचं आणि दुपार कलायच्या आत खाली आणायचं. बुटका, फेंगडा, हसला की सगळ्या हिरड्या दिसतात. पण आपल्या मागून आलेला माणूस आपल्याबरोबरच उतरला पाहिजे, यावर मात्र जीव टाकायचा. जेवण माझ्याकडचं. केळीच्या पानात भात, खारा मासा आणि मिरचीचं सांबल. दर खेपेला परत येऊन सांगणार, "तेह, मीठ कमी होतं." त्या दिवशी भात वाहणारा गडी तापाने पडला, म्हणून पुडे पाठीला बांधून मीच निघाले. मला चढ सोसत नाही. मी सगळ्यांच्या मागे, धापा टाकत.

बांडुंगहून तिघे आले होते. अबाह सुकार्या, म्हणजे सुकार्याबाबा, म्हातारे शिंपी, गुडघे गेलेले. त्यांची मुलगी एन्तिन आणि जावई दुदुंग, एंगकोसला कांग, म्हणजे दादा, म्हणणारा. अबाहंची बायको मागच्या रोजांच्या महिन्यात वारली होती. तेव्हापासून म्हातारा घरात नुसता खिडकीशी बसून असायचा, म्हणून मुलीने ओढून आणलं होतं. लग्न झालं तेव्हा अबाह आणि त्यांची बायको या डोंगरावर येऊन गेली होती म्हणे.

तिघे ते, एक एंगकोस, एक मी. पाच झालो. आणि आमच्याकडे विषम संख्येने डोंगर चढत नाहीत. चढलात तर डोंगर एक जण ठेवून घेतो, नाहीतर एक जास्तीचा बरोबर पाठवतो. त्या दुसऱ्याचीच मला जास्त भीती वाटते बाई! मग उपाय काय, तर पायथ्याचा एक दगड उचलायचा, त्याला नाव द्यायचं, पिशवीत घालायचा आणि माणसांत धरायचा. मोजणी आली की ज्याच्या पिशवीत दगड, त्याने त्याचाही आकडा म्हणायचा.

एंगकोस तिकिटांच्या खिडकीशी गेला होता, तेवढ्यात अबाहंनी फाटकाजवळचा एक काळा दगड उचलला. चांगला नारळाएवढा. "पाच आहोत ना? मग हिला घेऊ," म्हणाले. "हिचं नाव ओनाह."

ओनाह हे त्यांच्या बायकोचं नाव. एन्तिनने तोंड फिरवलं. चला, एंगकोसचं एक काम वाचलं, एवढंच मनात आलं. त्याला सांगायला हवं, हे कुणाच्या ध्यानीमनीही नव्हतं.

विवराच्या कडेला अबाहंनी पिशवी उघडली, पाणी प्यायले आणि दगडाला म्हणाले, "बघ, तेव्हा पुढे यायला घाबरली होतीस." मला हसावं की रडावं कळेना. एंगकोस पुढे कुणाला तरी वाट देत होता, त्याने काही पाहिलं नाही. तिथून थोडं वर एक चहाची टपरी आहे. आम्ही चहा घेतला, तळलेली भजी खाल्ली, आणि धुकं आलं. धुकं कसलं, ओली गोधडीच कुणी डोक्यावर टाकली! समोरचा पेला दिसेना.

"तोंडाला फडकी बांधा आणि माझ्यामागे चला," एंगकोस ओरडला. "थांबायचं नाही!" कारण धुकं पडलं की गंधकाचा धूर वर जात नाही, जमिनीलगत साचतो. खाली विवराशी अशा दिवशी बकरीसुद्धा बांधत नाहीत. जो तो उठला, चाचपडत निघाला. मला दिसत होती ती फक्त दुदुंगची पाठ, तीही मध्येच गायब व्हायची.

थोडं चढल्यावर एंगकोसने हाक दिली, "मोजा!"

पुढून आलं, "एक." लगेच, "दोन." मग एन्तिनचं बारीक, "तीन." मग "चार," "पाच." वारा असा सुटलेला, वर तोंडाला फडकी, आवाज कुणाचा ते कुणाला कळतंय! मी शेवटची. "सहा!" म्हणाले.

"सहा! बरोबर!" एंगकोसचा आवाज केवढा खूश. आम्ही चालत राहिलो.

माळावर पोहोचलो तरी माळ दिसेना. वारा चुकवायला जो तो मिळेल त्या झुडपाआड बसला. मी पुडे सोडले आणि चाचपडत वाटायला लागले. हात लागला की पुडा ठेवायचा. एक एन्तिनला, एक दुदुंगला, एक एंगकोसला, एक माझा. एक पुडा उरला.

"कुणाला मिळाला नाही?" मी विचारलं.

"मला मिळाला." "मलाही." "खायला लागलोय, तेह. मीठ..."

"मिठाचं नाव काढलंस तर बघ! एक उरलाय. कुणाचा हा?"

"तुम्ही सहा आणले असतील," एंगकोस म्हणाला. "दगडाचाही बांधलात."

"मी दगडाला भात घालीन होय? पाचच आणलेत! घरून मोजून आणलेत!"

"मग नीट वाटले नसतील. थांबा. मोजा पुन्हा!"

पुन्हा एक, दोन, तीन, चार, पाच, सहा. अगदी ठणठणीत. दगड धरून सहा, म्हणजे माणसं पाच. पुडे पाच. मग हा माझ्या हातात कुणाचा? खरं सांगते, माझ्या अंगावर काटा आला. वाटलं, डोंगराने तो जास्तीचा पाठवलाय आणि तो आमच्यातच कुठेतरी बसलाय.

"अबाह," मी हाक मारली, "तुम्ही जेवताय ना?"

"ते कांग एंगकोसजवळ आहेत," दुदुंग म्हणाला.

"माझ्याजवळ? माझ्याजवळ कुणी नाही. ते तुमच्याजवळ नाहीत का?"

"तुमच्याजवळच आहेत की! एक तुम्ही म्हणालात, दोन ते म्हणाले."

"दोन मीच म्हणालो. दगडाचा," एंगकोस म्हणाला. "चार-पाच तुम्ही आणि अबाह म्हणालात ना?"

"नाही हो. चार माझा आणि पाच दगडाचा. दगड माझ्याकडे आहे, कांग."

मग मी दोघांनाही ओढत एका जागी आणलं. दुदुंगने पिशवीतून काळा दगड काढून ठेवला. सासऱ्याच्या गुडघ्यांना भार नको म्हणून टपरीवर त्याने तो गुपचूप आपल्या पिशवीत घातला होता. एंगकोसने खिशातून आपला काढला, लिंबाएवढा. विषम निघालं की हा नेहमी स्वतःच उचलतो. दगड दोन आणि माणसं चार. एन्तिनने टाहो फोडला.

एंगकोसचं तोंड मला दिसत नव्हतं, पण त्याचे दात वाजत होते. "सहा आले होते," तो म्हणत होता. "सहा आले होते, तेह. मी मोजले."

"ते आता घाल चुलीत! ऊठ!"

नवरा-बायकोला तिथेच बसवलं, आवाजावर आम्हाला परत येता यावं म्हणून पाण्याच्या भांड्याचं झाकण वाजवत राहायला सांगितलं आणि आम्ही दोघे मागे फिरलो. जळक्या रानातून जाताना प्रत्येक खोड मला अबाह वाटायचं. "अबाह!" म्हणून जाऊन धरायचे तर हाताला राख. एंगकोस हाका मारायचा, आणि त्याची हाक कुठून येतेय तेही मला उमजेना. आम्ही वर चाललोय की खाली, तेही नाही. टपरीवर पोहोचलो तर ती बंद करून चहावाली बाई निघून गेलेली. बाकावर कुणी नाही. मग नाकात गंधकाचा वास घुसला आणि आम्ही तसेच, खोकत, विवराच्या कडेपर्यंत उतरलो.

म्हातारा तिथे गुडघ्यांवर बसला होता. एकेक दगड उचलायचा, डोळ्यांशी धरायचा, बाजूला ठेवायचा. त्या अख्ख्या उतारावर दगडांशिवाय आहे काय! हात पिवळे झालेले, डोळे लाल.

"सापडत नाही रे," आम्हाला बघून म्हणाले. "पिशवी हलकी लागली. इथेच उघडली होती ना मी? सगळे सारखेच दिसतात."

"तो तुमच्या जावयाकडे आहे, अबाह," एंगकोस म्हणाला. "तुमचे गुडघे दुखतात म्हणून त्यांनी घेतला."

"दुदुंगकडे? म्हणजे वर आहे?"

"वर आहे. माळावर."

अबाह खोकत खोकत बसून राहिले. मग म्हणाले, "तुम्ही सगळे वर गेलात. मोजलं नाहीत?"

एंगकोस जमिनीकडे बघायला लागला. माझं तोंड कसलं गप्प बसतंय! "मोजलं की. दोनदा," मी म्हणाले.

"किती आले?"

"सहा."

त्यांनी हातातला दगड खाली ठेवला. "मग बरोबर आहे," म्हणाले. "पुरते झालात. घरीही हल्ली तसंच असतं. मी असलो काय, नसलो काय, सगळं पुरतं होतं. जा तुम्ही, मी येतो सावकाश."

रागावून बोलले असते तर मला बरं वाटलं असतं. ते अगदी शांतपणे, कापडाचं माप सांगावं तसे बोलले, आणि ते उठणार नाहीत हे मला तेव्हाच कळलं. पायाशी धूर साचत होता. आम्ही दोघांनी उचलून नेण्याजोगी ती वाट नव्हती.

एंगकोस त्यांच्यापुढे बसला. ते पिवळे हात त्याने घट्ट धरले. तो रडत होता, लहान मुलासारखा, नाक गळेपर्यंत. "नाही झालो पुरते, अबाह," तो म्हणाला. "भात उरला."

"कसला भात?"

"तुमचा. सगळ्यांच्या हातात दिला आणि एक उरला. आकडा बरोबर होता, पण भात उरला. कुणाला घास गिळेना."

अबाह माझ्याकडे बघायला लागले. तो पुडा माझ्या ओढणीत बांधलेला होता. कधी बांधला, का आणला, मला काही म्हणजे काही आठवत नाही. मी सोडला आणि पुढे केला. त्यांनी तो दोन्ही हातांनी घेतला, पण उघडला नाही.

"मासा आहे?"

"आहे."

"काटे काढलेत?"

"नाही काढले," मी म्हणाले, आणि मग मलाही रडू आवरेना. "तुमचे तुम्ही काढा!"

म्हाताऱ्याने एंगकोसच्या खांद्यावर हात टाकला. "ऊठ बाबा," म्हणाला, "वर जाऊन खाऊ. गार होतोय."