आईला कोणी नाही याचा पुरावा

वडील गेल्यावर आई सांगलीत एकटीच राहायची. मी तिची एकुलती एक मुलगी, आणि मी जर्मनीत, वाल्डॉर्फला. नवरा आणि मी दोघंही तिथं सॉफ्टवेअरमध्ये. आई चित्रकलेची शिक्षिका होती. निवृत्त झाल्यावरही दर दिवाळीला हातानं रंगवलेलं कार्ड पाठवायची. एका वर्षी कार्ड आलं नाही. विचारलं तर म्हणाली, "रंग वाळलेत गं, नवे आणायला हवेत."

खरं काय ते मामानं सांगितलं. तिला कंपवात झाला होता. पेला धरता येत नव्हता, आणि न्हाणीघरात ती पडलीही होती.

मामा म्हणजे तिचा धाकटा भाऊ. वीज मंडळातून निवृत्त झालेला, तिच्यापासून चार गल्ल्या पलीकडे राहणारा. रोज सकाळी स्कूटरवरून तिचं दूध घेऊन यायचा, गोळ्या काढून द्यायचा, पेपर वाचून दाखवायचा आणि घरी जायचा. त्याच्या घराला उभा जिना, मामींचे गुडघे गेलेले, त्याची स्वतःची बायपास झालेली. "अक्काला तिकडं नेतीस का?" हे त्यानंच सुचवलं. "मी आहे तोवर करतोय की. पण मी किती दिवस?"

म्हणून आई त्या शरद ऋतूत तीन महिन्यांच्या व्हिसावर आमच्याकडे आली. लेकीच्या घरी कायमचं राहायचं हे तिला पटत नव्हतं. जावयासमोर हात थरथरू नयेत म्हणून ती पहिल्या आठवड्यात आमच्याबरोबर जेवलीच नाही. "तुमचं होऊ द्या, मला भूक नाही अजून," म्हणायची. शेवटी नवरा तिच्या शेजारी जाऊन बसला आणि म्हणाला, "आई, मलाही चमच्यानंच आवडतं," आणि वरणभात चमच्यानं खाऊ लागला. मग ती बसली.

परदेशी लोकांच्या कचेरीत, म्हणजे आउसलेंडरबेहोर्डमध्ये, भेटीची वेळ, टेर्मिन, मिळाली तेव्हा आईला बरोबर घेऊन गेले. सिरियाहून माणसं येत होती ते वर्ष. जिन्यापर्यंत रांग, कडेवर लेकरं, हातात प्लास्टिकच्या पिशव्यांत गुंडाळलेले कागद. एका तरुण माणसानं उठून आईला खुर्ची दिली. आई त्याला मराठीत म्हणाली, "बस रे बाळा, तू दमलायस." त्यानं मान हलवली आणि उभाच राहिला.

आतली बाई माझ्याच वयाची होती. आईचा हात पाहून न विचारता तिनं पाणी आणलं, अर्धाच पेला भरून. मग मला म्हणाली, "कुटुंब म्हणजे नवरा, बायको आणि अल्पवयीन मुलं. सज्ञान मुलांचे आईवडील त्यात येत नाहीत."

"एकही मार्ग नाही?"

"एक आहे. हेर्टेफाल." फारच हलाखीचं प्रकरण असेल तर. "आईला दुसऱ्याच्या मदतीशिवाय जगता येत नाही, आणि ती मदत तुमच्या देशात कोणीही करू शकत नाही, हे दोन्ही सिद्ध करायचं. कागद आणा. मी पाहते. अर्ज मात्र त्यांना परत जाऊन तिथल्या वकिलातीतच करावा लागेल. माझी संमती असेल तर तो सोपा होईल."

सगळं जमलं तर आईला राहण्याच्या परवान्याचं कार्ड मिळणार होतं. बँकेच्या कार्डाएवढं, वर फोटो असलेलं. मी घरी येताना बसमध्ये मनात तिची खोली लावूनसुद्धा टाकली. आमच्या मुलीचं टेबल बाहेर काढायचं, खिडकीकडे पलंग.

मुलगी तेव्हा दुसरीत होती. तिला मराठी सगळं कळायचं, पण उत्तर जर्मनमध्येच यायचं. तिनं विचारलं, "ब्लाइब्ट आजी हिअर?" आजी इथंच राहणार का? आईला ते भाषांतर करून सांगावं लागलं नाही. ती म्हणाली, "बघू या."

कागद जमवायचे म्हणजे ते सांगलीत जमवायचे, आणि तिथं जमवणार कोण, तर मामाच. आईचा जन्म खेड्यातला, नोंद कुठंच नाही. मामा एसटीनं त्या गावी गेला, ग्रामपंचायतीत बसून राहिला, नोंद सापडत नसल्याचा दाखला घेऊन आला. मग शाळा. शाळेच्या दाखल्यावर जन्मतारीख एक जून, कारण त्या काळी मास्तर सगळ्याच पोरांची एक जून लावत. आणि नाव अर्थातच माहेरचं. पासपोर्टवर सासरचं नाव. लग्नाची नोंदणी कधी झालीच नव्हती. "ही तीच बाई आहे हे कसं सांगायचं त्यांना?" मी विचारलं. मामा फोनवर हसला. "मी सांगतो की, मला कडेवर घेऊन फिरलीय ती." त्याचंही प्रतिज्ञापत्र झालं. मग मज्जातंतूच्या डॉक्टरांचं पत्र. डॉक्टर भेटत नव्हते, तर मामा दवाखान्याच्या बाकावर डबा घेऊन बसला.

इकडे फोटोची वेगळीच तऱ्हा. कार्डाला बायोमेट्रिक फोटो लागतो: चेहरा सरळ, तोंड मिटलेलं, काही हलायला नको. आईची मान एव्हाना हलू लागली होती. स्टेशनावरच्या यंत्रानं तिचे सगळे फोटो नाकारले. शेवटी गावातल्या फोटोग्राफरकडे गेलो. त्यानं तिला भिंतीला टेकवून बसवलं, मी खाली गुडघ्यांवर बसून तिचे दंड धरले. "बिट्टे निष्ट लेशेल्न," तो म्हणाला.

"काय म्हणतोय?"

"हसू नकोस म्हणतोय."

"हसतंय कोण," आई म्हणाली, आणि त्यावर दोघीही हसलो आणि तोही फोटो गेला. त्या तीन महिन्यांत आम्ही अशा हसलो ते तेवढंच.

आता फक्त एक कागद उरला होता. मी तो शेवटाला ठेवला होता. मामाला फोन केला तेव्हा तो भाजी घेऊन घरी चालला होता.

"मामा, तुझ्याकडून एक लिहून हवंय. स्टॅम्पपेपरवर."

"सांग की."

"तू आईला सांभाळू शकत नाहीस, असं."

मागून रिक्षाचा हॉर्न ऐकू आला.

"आणि सांगलीत तिचं दुसरं कोणी नाही, असं."

"मग मी कोण?" तो म्हणाला.

मी समजावू लागले. ते तसं नसतं, कायद्याची भाषा आहे, तिच्या भल्यासाठीच. तो ऐकून घेत होता. मग म्हणाला, "बरं. मजकूर पाठव." आणि फोन ठेवला. माझ्या आठवणीत त्यानं आधी फोन ठेवल्याची ती पहिलीच वेळ.

आई दारात उभी होती. म्हणाली, "तो लिहून देईल. त्याला नाही म्हणता येत नाही. म्हणून तर त्याला विचारू नको म्हणत होते."

त्यानं लिहून दिलं. मी पाठवलेला मजकूर जसाच्या तसा. खाली सही, अंगठ्याचा ठसा, नोटरीचा शिक्का. मामींचीही सही होती, साक्षीदार म्हणून. फोनवर मामी एवढंच म्हणाल्या, "आता लोक वाचतील ते." मी म्हटलं, "मामी, इथं कोण तुम्हाला ओळखतं?" त्या म्हणाल्या, "नोटरी आमच्याच गल्लीत राहतो."

कागदांची भाषांतरं झाली, शिक्के झाले. आरोग्य विम्याच्या कंपन्या मात्र तिचं वय आणि आजाराचं नाव ऐकूनच नाही म्हणत होत्या. एकीनं विचार करू असं कळवलं. आम्ही त्या एका वाक्याला धरून राहिलो.

दुसऱ्या टेर्मिनला कचेरीतली बाई दमलेली दिसली. तिनं गठ्ठा सावकाश वाचला. एकही पान वगळलं नाही, हे मी कबूल केलं पाहिजे. मग तिनं दोनचार कागद बाजूला काढले.

"आल्झो, तर या गावाच्या दाखल्यासाठी अर्ज कोणी केला?"

"मामानं. आईच्या भावानं."

"शाळेत?"

"त्यानंच."

"डॉक्टर लिहितात, रुग्ण गेली काही वर्षं भावासोबत नियमित तपासणीला येते."

"हो."

तिनं मामाचं प्रतिज्ञापत्र वर ठेवलं. "आणि हेच गृहस्थ म्हणतात की ते काहीही करू शकत नाहीत."

मी म्हटलं, त्याचं वय झालंय. हृदयाचं ऑपरेशन झालंय. तो करतो, पण करू नये अशी त्याची तब्येत आहे. तो गेला तर पुढे कोण? माझं जर्मन घाईत मोडायला लागलं. क्रियापदं शेवटाला जायची तिथं जाईनात.

"पुढचं मला आज बघता येत नाही," ती म्हणाली. "तुमच्या शहरात वृद्धांची देखभाल करणाऱ्या संस्था आहेत?"

"आहेत."

"गेनाऊ," अगदी तेच, ती हळू आवाजात म्हणाली. मग म्हणाली की विम्याचंही ठोस काही नाही. संमती देता येणार नाही. अर्ज अवश्य करा, तुमचा हक्क आहे. पण मी तुम्हाला खोटी आशा दाखवणार नाही.

आई याही वेळी मिळालेला अर्धा पेला दोन्ही हातांनी उचलून पाणी प्यायली होती. बाहेर आल्यावर तिनं विचारलं, "काय म्हणाली?"

"विचार करतील."

"बरं," आई म्हणाली. माझ्याकडे न बघता ती शालीचं टोक खोचत राहिली. तिला कळलं होतं.

व्हिसा संपायच्या आत मी तिला सांगलीला पोचवायला गेले. वकिलातीत अर्जही केला. नकार आला, त्यावर वकिलाकरवी पुन्हा लिहिलं, पुन्हा नकार आला. मधल्या काळात मामाचं येणं कमी झालं होतं. दूध आता गवळ्याचा मुलगा टाकायचा. मी मामींना फोन करून विचारलं, तर त्या म्हणाल्या, "त्यांना नाही जमत हो आता. तसं लिहूनच दिलंय ना आम्ही." आवाजात टोमणा नव्हता. त्या मला आठवण करून देत होत्या, एवढंच.

मामाला नंतर एकदा सरळ विचारलं. तो म्हणाला, "अगं, जातो मी. पण दारात गेलो की वाटतं, अक्का ते वाचून बसलीय." आईनं ते वाचलंच नव्हतं. मी तसं सांगितलं. तो म्हणाला, "तिला ठाऊक तर आहे."

आई पुन्हा पडली तेव्हा दुपारपर्यंत कोणाला कळलं नाही. खुबा मोडला. त्यानंतर मी तिला मिरज रस्त्यावरच्या एका वृद्धाश्रमात ठेवलं, त्या बाईनं विचारलेल्या संस्थांपैकीच एका. खोलीत तिघीजणी, खिडकीबाहेर शेवग्याचं झाड. माणसं चांगली होती. मी व्हिडिओ कॉल करायचे तेव्हा आया फोन धरायची, आणि आई माझ्याऐवजी त्या आयेलाच म्हणायची, "दमली असशील, ठेव आता." माझ्या नवऱ्याची आठवण काढायची. मुलगी "हॅलो आजी" म्हणून पळून जायची.

तिथं ती दोन वर्षंही राहिली नाही. मी पोचले तेव्हा सगळं उरकलं होतं. अग्नी मामानंच दिला होता. मी मामाकडे गेले तेव्हा तो जिन्याच्या खालच्या पायरीवर बसला होता, डोकं भादरलेलं, एकदम म्हातारा. मी शेजारी बसले. मामींनी वरून चहाला हाक मारली, तरी आम्ही उठलो नाही.

नंतर तो उठला, वर जाऊन एक पाकीट घेऊन आला. "महानगरपालिकेतून मृत्यूचा दाखला काढलाय," तो म्हणाला. "जास्तीच्या प्रती घेतल्यात. इंग्रजीतली पण आहे. तिकडं काही लागलं तर."

तिकडं काहीच लागणार नव्हतं. मी पाकीट घेतलं.