रामिरोच्या बापाचा सवाल

निघायच्या दिवशी करमाळ्याच्या स्टँडवर मी कंडक्टरची नक्कल करत होतो. "चला, जर्मनी, जर्मनी! मधल्या स्टॉपला गाडी थांबणार नाही!" आई हसता हसता रडायला लागली. बाबा म्हणाले, "पुरे आता, चढ." तुम्ही घरचे सगळे होतात की तिथे. मला वाटलं, तोंड चालतंय तोवर कुठेही निभेल.

स्टुटगार्टात निभेना. बॉसच्या "या, गेनाऊ, आल्झो"ची, म्हणजे "हो, बरोबर, तर मग"ची, नक्कल मी झकास करतो, पण दाखवू कुणाला? जर्मनांना वाटतं, पोराचं जर्मन सुधारलं. तुम्हाला फोनवर दाखवली तर तुम्ही विचारता, हा कोण रे?

माझा फ्लॅटमेट रामिरो, त्याचं याहून वाईट. तो उरुग्वेचा पायादोर. म्हणजे गिटार घेऊन जागच्या जागी कडवी जुळवून गाणारा. आपल्या सवाल-जवाबासारखंच. समोरच्यानं गाऊन विचारलं की त्याच चालीत उत्तर द्यायचं, गप्प बसला तो हरला. त्याचा बापही पायादोर. विमानतळावर बापानं गाऊनच विचारलं, परत कधी येशील? आयुष्यात पहिल्यांदा रामिरोला शब्द सुचला नाही.

आता फोनवर उत्तर द्यायला गेला की म्हातारा ऐकत नाही. "सवाल समोर विचारला, जवाब समोर दे." पण जाणार कसा? तिकिटाला पैसे नाहीत, आणि गोदामातली नोकरी सोडली की व्हिसा गेला. तिकडे म्हाताऱ्याचा आवाज बसत चाललाय. इकडे सुट्टीच्या दिवशी रूहेत्साइट, म्हणजे आवाजाला बंदी; जरा तार वाजली की खालची बाई झाडूनं छत ठोकते. खोक्यांना स्टिकर लावून लावून याची कडवीच आटली.

परवा म्हणाला, "तू माझा बाप हो. सराव करू."

विमानतळावरचं रेकॉर्डिंग तो सारखं लावतो, त्यामुळे स्पॅनिश न कळताही मला तो सवाल पाठ. थरथर, शेवटी लांबवलेला सूर, सगळं. मी गायलो. त्यानं हळूच तार छेडली. शब्द नाही. "परत." परत गायलो. नाही. तिसऱ्यांदा मी सुरू केलं आणि त्यानं हात वर केला.

"थांब. हा माझा बाप नाही. माझा असा घसा खाकरत नाही. हा कोण?"

बाबा फोनवर घसा खाकरून विचारतात ना, "मग, कधी येतोस?" मी त्यांचीच नक्कल करत, तसाच खाकरून म्हणतो, "बघू, बघू." तुम्ही मागे खिदळता. विषय संपतो.

"माझा बाप," मी म्हणालो.

"मग दे की जवाब. तुला तर यमकही जुळवावं लागणार नाही."

मी तोंड उघडलं. कुणाचाच आवाज येईना.

पूर्वी कुणी घर विचारलं की करमाळा सांगायचो. आता वाटतं, जिथे नक्कल करून सुटता येत नाही, ते घर.

बाबा, नोकरीचा फेरट्राग, म्हणजे करार, वाढला नाही तर लगेच येईन. वाढला तर कधी, ते माहीत नाही. मला दोन्हीची भीती वाटते. ही नक्कल नाही, मीच बोलतोय.